मालवणच्या सहलीत प्रवाळ लावायला वर्गणी द्यावी का?

सर, नमस्कार.

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे इतर कुणी वाचलं तरी संदर्भ लागेल. खानापूर तालुक्यातल्या तुमच्या मराठी हायस्कूलची सहल यंदा हिवाळ्यात मालवणला जाणार आहे. नववी-दहावीच्या मुलांनी समुद्रातल्या प्रवाळाचा व्हिडिओ पाहिला, त्यात पांढरी पडलेली भिंत पाहून ती हळहळली आणि वर्गणी काढून ‘प्रवाळ लावणाऱ्या’ एखाद्या उपक्रमाला पैसे द्यायचं त्यांनी ठरवलं. तुम्ही विचारलंय, मालवणात प्रवाळ खरंच आहे का, हे पैसे सत्कारणी लागतील का, आणि पन्नास मुलं पाण्यात उतरल्यानं उलट नुकसान तर होणार नाही ना.

मी मूळचा बेळगावातल्या शहापूरचा. समुद्राखालच्या प्रवाळाचं आणि माशांचं सर्वेक्षण करणं हे माझं काम. लक्षद्वीप, मुरुडेश्वरसमोरचं नेत्राणी बेट आणि मालवण, या तिन्ही ठिकाणी वर्षानुवर्षं तेच खडक पुन्हा पुन्हा पाहत आलोय. त्यावरून सांगतो: वर्गणी जरूर काढा, पण प्रवाळ लावायला देऊ नका. निदान मी पुढे देतोय त्या प्रश्नांची उत्तरं मिळेपर्यंत तरी नको.

मालवणात प्रवाळ आहे. सिंधुदुर्ग किल्ल्याच्या आसपासच्या खडकांवर आहे आणि त्याच्यासाठीच नव्हे, तिथल्या सगळ्या सागरी जिवांसाठी 1987 मध्ये मालवण सागरी अभयारण्य जाहीर झालं. क्षेत्र साधारण 29 चौरस किलोमीटर, पैकी पद्मगडासह सुमारे 3 चौरस किलोमीटरचा गाभा. पण मुलांनी व्हिडिओत पाहिलेलं निळंशार, काचेसारखं पाणी तिथे मिळणार नाही, हे निघण्याआधीच त्यांना सांगा. मालवणचं पाणी हिरवट असतं. चांगल्या दिवशी चार-पाच मीटरपर्यंत दिसलं तरी खूप. लक्षद्वीपची बेटंच्या बेटं प्रवाळाच्या सांगाड्यांवर उभी आहेत. मालवणात मूळ खडक आहे आणि त्याच्यावर जागोजागी प्रवाळ वाढलंय, एवढंच. पावसाळ्याचे चार महिने कर्लीसारख्या नद्या गोडं पाणी आणि गाळ आणून ओततात, लाटा तळ ढवळून काढतात, ऊन खाली पोचत नाही. नाजूक फांद्यांची जात इथे टिकणं अवघड. टिकतात ते पोराइट्सचे घट्ट गोळे, टर्बिनेरियाचे वाट्या-ताटांसारखे पसरट थर, आणि खरबरीत, जाळीदार पृष्ठभागाच्या फेव्हायटीस, गोनिअॅस्ट्रिया वगैरे जाती. गढूळ पाण्यात, वर्षाचे चार महिने अंधारात राहून जगायला शिकलेलं हे प्रवाळ आहे. दिसायला साधं, पण चिवट. मला त्याचं मोल लक्षद्वीपच्या प्रवाळापेक्षा तसूभरही कमी वाटत नाही, आणि मुलांना ते याच नजरेनं दाखवावं असं मनापासून वाटतं.

आता प्रवाळ म्हणजे काय, हे मुलांना नीट कळलं तर पुढचं सगळं आपोआप कळेल, म्हणून इथे थोडा वेळ घेतो.

तो खडक नाही आणि झाडही नाही. जेलीफिशच्या नात्यातला प्राणी आहे. एकेक जीव काही मिलिमीटरचा, मऊ, तोंडाभोवती छोट्या शुंडांचं कडं असलेला; त्याला पॉलिप म्हणतात. असे हजारो पॉलिप एकमेकांना जोडून राहतात आणि बुडाशी चुन्याचा, म्हणजे कॅल्शियम कार्बोनेटचा सांगाडा रचत जातात. जिवंत भाग म्हणजे वरची पातळ कातडी, बाकी सगळं मागे सोडलेलं घर. त्या कातडीच्या पेशींत सूक्ष्म शैवाल राहतं. शैवाल उन्हावर अन्न करतं आणि त्यातला मोठा वाटा, कित्येक जातींत गरजेच्या नव्वद टक्क्यांपर्यंत, पॉलिपला देतं. बदल्यात पॉलिप त्याला आसरा आणि आपल्या विष्ठेतलं नत्र-स्फुरद देतो. प्रवाळाचा तपकिरी-हिरवट रंग बहुतेक या शैवालाचाच असतो. पोराइट्सचा गोळा वर्षाला जेमतेम सेंटीमीटरभर वाढतो. म्हणजे मीटरभर उंचीचा गोळा दिसला, तर तो स्वातंत्र्याच्या आधीपासून तिथे आहे. मुलांना हे आकडे तोंडपाठ करायला लावू नका, त्या गोळ्यासमोर तरंगताना हळूच सांगा.

या जोडीला उष्णता सोसत नाही. त्या जागच्या नेहमीच्या उन्हाळी कमाल तापमानापेक्षा पाणी एखाद अंशानं जास्त तापलं आणि तसंच चारेक आठवडे राहिलं, की शैवालाच्या आतली प्रकाशसंश्लेषणाची घडी बिघडते, त्यातून प्राणवायूची घातक रूपं तयार होतात आणि पॉलिप शैवालाला बाहेर टाकतो. मग पारदर्शक कातडीतून पांढरा सांगाडा दिसतो. मुलांनी व्हिडिओत पाहिलं ते हेच. पांढरं पडलेलं प्रवाळ लगेच मेलेलं नसतं. ते उपाशी असतं. पाणी वेळेत निवलं तर शैवाल परत येतं, नाही तर काही आठवड्यांत पॉलिप मरतो आणि सांगाड्यावर शेवाळाचा गालिचा चढतो.

1998, 2010 आणि 2016 साली हे जगभर मोठ्या प्रमाणावर झालं, आणि 2023 पासून सुरू झालेल्या चौथ्या जागतिक लाटेत जगातल्या सुमारे 84 टक्के प्रवाळ-क्षेत्राला विरंजन, म्हणजे हे पांढरं पडणं, घडवण्याइतकी उष्णता लागली. लक्षद्वीपच्या अगत्ती, कदमत आणि कवरत्ती या बेटांवर 1998 पासून नोंदी ठेवल्या गेल्या आहेत. तिथे जिवंत प्रवाळाचं आच्छादन तेव्हा 37 टक्क्यांच्या आसपास होतं, 2022 पर्यंत ते 20 टक्क्यांच्या खाली आलं. 1980 च्या सुमारास जगात एखाद्या प्रवाळ-भित्तीवर, म्हणजे प्रवाळानं रचलेल्या समुद्राखालच्या बांधावर, दोन मोठ्या विरंजनांमध्ये पंचवीस-तीस वर्षं जात. 2016 पर्यंत हे अंतर सहा वर्षांवर आलं. भरभर वाढणाऱ्या जातींनाही पुन्हा उभं राहायला दहा-पंधरा वर्षं लागतात. खरी अडचण इथे आहे. दोन तडाख्यांच्या मधल्या वर्षांत प्रवाळ किती लवकर सावरतं, यावर ते राहणार की जाणार हे ठरतं.

आणि सावरण्याचं बरंचसं काम मासे करतात.

मेलेल्या सांगाड्यावर पहिल्यांदा येतं ते शेवाळ. त्याची दाटी झाली, की पाण्यातून तरंगत आलेल्या प्रवाळाच्या पिल्लाला चिकटायला मोकळी जागाच राहत नाही. पोपटमासे, सर्जनफिश, रॅबिटफिश आणि काटेरी सी-अर्चिन हे शेवाळ दिवसभर खरवडून खातात. पोपटमाशाचे दात जुळून चोच झालेली असते. तो शेवाळासकट खडकाचा पापुद्रा चावतो, घशातल्या दातांनी दळतो आणि वाळू करून मागे टाकतो. पाण्याखाली शांत राहिलात तर त्याचं चावणं कानांनी ऐकू येतं, कडकड. असे चरणारे जीव गेले तर काय होतं, ते कॅरिबियन समुद्रानं दाखवलंय. तिथे पोपटमाशांसारख्यांची मासेमारी आधीच भरपूर झालेली होती आणि बरंचसं शेवाळ एकट्या डायडेमा नावाच्या सी-अर्चिनच्या जिवावर आटोक्यात होतं. 1983-84 मध्ये रोगानं तो जवळजवळ सगळा मेला. बघता बघता जमैकासारख्या ठिकाणी प्रवाळाची जागा शेवाळानं घेतली. याउलट लक्षद्वीपमध्ये लोक पिढ्यान्‌पिढ्या गळ-काठीनं खुल्या समुद्रातला टुना पकडत आले, भित्तीवरच्या माशांना फारसा हात लावला नाही, आणि 1998 च्या तडाख्यानंतर तिथलं प्रवाळ बऱ्याच ठिकाणी अपेक्षेपेक्षा लवकर सावरलं. आता तिथेही भित्तीवरच्या माशांना बाहेरून मागणी वाढते आहे. या सगळ्या विषयात मला सर्वांत जास्त काळजी याचीच वाटते.

म्हणून लावणीबद्दल माझं मत असं कडक आहे. पद्धत साधी असते: जिवंत प्रवाळाचे तुकडे तोडायचे किंवा तुटून पडलेले गोळा करायचे, लोखंडी चौकटीवर किंवा सिमेंटच्या ठोकळ्यावर बांधायचे, आणि वाढू द्यायचे. जिथे नुकसानीचं कारण निघून गेलंय तिथे याचा उपयोग होतो. तमिळनाडूत मन्नारच्या आखातात चुन्यासाठी प्रवाळ खणून नेत असत. ते थांबल्यावर उघड्या पडलेल्या तळावर तूतुकुडीच्या संशोधकांनी 2002 पासून केलेली लावणी हे याचं चांगलं उदाहरण आहे. पण कारण उष्णता असेल, गाळ असेल किंवा चरणारे मासे संपलेले असतील, तर ही पाऊस गेल्यावर खाचरात भाताची रोपलावण करण्यासारखी गत होते. अमेरिकेत फ्लोरिडाला वर्षानुवर्षं मोठा पैसा आणि मेहनत ओतून शिंगांसारख्या फांद्यांचं प्रवाळ वाढवलं होतं. 2023 च्या उन्हाळ्यात पाणी असं तापलं, की रोपवाटिकांमधले तुकडे घाईघाईनं जमिनीवरच्या टाक्यांत हलवावे लागले, आणि समुद्रात लावलेल्यांपैकी फार मोठा भाग मेला. त्या लोकांच्या निष्ठेबद्दल मला शंका नाही. पण तुमच्या मुलांचे शंभर-शंभर रुपये तिथे जावेत असं मला वाटत नाही.

तरीही कुणी पावतीपुस्तक घेऊन आलं, तर त्यांना चार गोष्टी विचारा. तुकडे कुठून आणता? वनविभागाची लेखी परवानगी आहे का? कारण भित्ती बांधणाऱ्या सगळ्या प्रवाळांना 2001 पासून वाघाच्याच अनुसूचीत संरक्षण आहे आणि परवानगीशिवाय तुकडा तोडणं गुन्हा आहे. इथलं प्रवाळ मुळात कशानं मेलं, आणि ते कारण थांबलं का? आणि लावल्यानंतर दोन वर्षांनी शंभरांतले किती जगले? शेवटच्या प्रश्नाला लगेच आकडा देणारा माणूस भेटला, तर त्याच्याशी पुढे बोलायला हरकत नाही. लावल्या दिवशीचे फोटो पुढे करणाऱ्याला नमस्कार करून वाटेला लावा.

वर्गणीचं काय करावं, तर मी ती सरळ सहलीतच घालीन. मालवणात होडीवाला निवडताना एकच विचारा: प्रवाळाजवळ थांबताना नांगर टाकता, की तिथे कायमचा बांधलेला बोया आहे त्याला दोर लावता? एका नांगराच्या फरफटीत जे तुटतं, ते परत यायला तुमच्या विद्यार्थ्यांची नातवंडं यावी लागतील. बोयाला होडी बांधणारा, मासे दाखवताना पाण्यात पाव-बिस्किट न टाकणारा होडीवाला थोडा जास्त पैसा मागत असेल, तर तो द्या. ही रक्कम प्रवाळावरच खर्च झाली असं समजा. पाव टाकू नका म्हटलं की पर्यटकांना राग येतो, कारण पट्टेरी मासे झुंडीनं भोवती येतात आणि फोटो छान निघतो. पण चरणाऱ्या, अंड्यांची राखण करणाऱ्या माशांना त्या कामावरून उठवून मैद्यावर आणणं वाईट आहे, आणि दांडगे मासे एका जागी जमले की लहानांना पळवून लावतात.

पाण्यात उतरणाऱ्या मुलांबद्दल. मलप्रभेत पोहणारी तुमची मुलं पाण्याला भीत नाहीत हे मला ठाऊक आहे, तरी समुद्रात प्रत्येकाला लाइफ जॅकेट हवंच. त्याचा प्रवाळालाही फायदा होतो: जॅकेट घातलेलं पोर पालथं तरंगतं, खाली पाय टेकत नाही. सगळ्यात जास्त मोडतोड दम लागलेला माणूस उभा राहायला जागा शोधतो तेव्हा होते. मास्कमध्ये पाणी शिरलं तर उभं राहायचं नाही, उताणं व्हायचं, हे किनाऱ्यावर कंबरभर पाण्यात आधी घटवून घ्या. पायांत पोहण्याचे पंखे (फिन्स) नकोत, नवख्याला ते कुठे लागतात कळत नाही. एकावेळी आठ-दहा मुलं, सोबत एक पोहणारा शिक्षक आणि एक स्थानिक माणूस. सनस्क्रीनवरून हल्ली फार चर्चा होते. हवाईनं त्यातल्या ऑक्सिबेन्झोनसारख्या दोन रसायनांच्या विक्रीवर बंदीही घातली. माझ्या मते उष्णतेपुढे आणि गाळापुढे तो धोका लहान आहे, पण लांब बाह्यांचा जुना टी-शर्ट घातला की प्रश्नच मिटतो. किनाऱ्यावर दुकानात प्रवाळाचा तुकडा किंवा वाळवलेला समुद्रघोडा विकायला दिसला तर घेऊ नका, दोन्ही कायद्यानं बंद आहेत.

मग मुलांनी आपल्या गावात राहून काय करायचं, असंही तुम्ही विचारलंत. इथे मी बाजाराकडे बोट दाखवीन. बेळगावला आणि खानापूरला मासळी गोव्याकडून, मालवण-कारवारकडून बर्फात येते. तिच्यात बांगडा, तारली, पेडवे हे खुल्या पाण्यात थव्यानं फिरणारे, लवकर वाढणारे मासे असतात. ते खुशाल खावेत. हेकरू, म्हणजे काही लोक ज्याला गोबरा म्हणतात, त्याचं तसं नाही. तो खडकांत आणि प्रवाळात राहतो, हळू वाढतो, आणि त्याच्या बहुतेक जाती आयुष्याची सुरुवात मादी म्हणून करतात. त्यातले मोठे होणारे पुढे नर होतात. मोठे तेवढे उचलत गेलं की नरच उरत नाहीत. वर्षातल्या ठरावीक दिवशी ते अंडी घालायला एकाच जागी जमतात, लक्षद्वीपच्या बित्रा बेटाजवळ असा एक प्रचंड मेळावा नोंदवला गेलाय, आणि तो दिवस कळला की एका होडीला तो सगळा उपसता येतो. म्हणून घरी सांगा, हेकरू आणि निळा-हिरवा पोपटमासा आणू नका. विकत घेणाऱ्या चार घरांनी नाही म्हटलं, तर पुढच्या खेपेला तो मासळीवाला तो माल आणत नाही. हे मी आमच्या शहापुरात होताना पाहिलंय.

पाण्याचं नातं मात्र वाढवून सांगू नका. मुलांना ‘आपल्या गटारानं प्रवाळ मरतं’ असं सांगितलं जातं. बेळगावच्या बाबतीत ते बरोबर नाही. मार्कंडेय घटप्रभेला मिळते, घटप्रभा आणि कणकुंबीला उगम पावणारी मलप्रभा कृष्णेला, आणि ते पाणी आंध्रातून बंगालच्या उपसागरात जातं. पश्चिमेकडे जाते ती खानापूरच्या जंगलात उगवणारी म्हादई. ती पणजीपाशी अरबी समुद्राला मिळते आणि तिच्या मुखाच्या दक्षिणेला ग्रँड आयलंडच्या खडकांवर थोडं प्रवाळ आहे. भीमगडच्या परिसरातलं जंगल उभं आहे म्हणून तिथून उतरणाऱ्या पाण्यात माती कमी असते. खानापूरच्या मुलांना सांगण्यासारखा खरा दुवा हा आहे, आणि तो पुरेसा मोठा आहे. बाकी तापणारं पाणी हा साऱ्या जगाचा हिशेब: 1950 ते 2020 या काळात हिंदी महासागर शतकाला सुमारे 1.2 अंश या वेगानं तापला, आणि पृथ्वीची तापमानवाढ 2 अंशांवर गेली तर 99 टक्क्यांहून जास्त प्रवाळ जाईल असं आयपीसीसी या संयुक्त राष्ट्रांच्या हवामानबदलावरच्या मंडळाच्या 2018 च्या अहवालात म्हटलंय. हे मुलांपासून लपवू नका. दहावीच्या मुलांना खरं ऐकायची ताकद असते.

सहलीआधी वर्गात काही दाखवायचं असेल तर समुद्राची वाट पाहायची गरज नाही. आपल्याच मुलखात, लोकापूर-यादवाडकडच्या चुनखडीच्या पट्ट्यात, कलादगी खोऱ्याचे अब्जाहून जास्त वर्षांपूर्वीचे खडक आहेत आणि त्यांत स्ट्रोमॅटोलाइट सापडतात: उथळ समुद्रात सूक्ष्मजीवांच्या थरांनी रचलेले चुन्याचे घुमट. प्रवाळ तेव्हा जन्मालाही आलं नव्हतं. पण उन्हावर जगणाऱ्या सूक्ष्म जिवांच्या आधारानं समुद्रात चुन्याचं बांधकाम उभं राहतं, हे तिथे हातानं चाचपून कळतं.

तारीख ठरवताना तिथी बघा. पाण्यात उतरून प्रवाळ बघायचं असेल तर अष्टमीच्या आसपासचे भांगाचे, म्हणजे भरती-ओहोटी सौम्य असण्याचे, दिवस घ्या. ओढ कमी असते, गाळ कमी उठतो. डिसेंबर-जानेवारी, सकाळची वेळ. आणि पन्नासच्या पन्नास मुलांना पाण्यात उतरवणं जमणार नसेल, तर अमावास्या-पौर्णिमेचं उधाण पकडा. त्या ओहोटीला खडक पार उघडे पडतात, आणि घोटाभर पाण्याच्या डबक्यांत समुद्रफुलं, खेकडे, सी-अर्चिन आणि प्रवाळाचे जवळचे भाऊबंद असलेले झोअँथिड कुणालाही बघता येतात. दगड उलटला तर पुन्हा होता तसा ठेवायचा, एवढं मुलांना आधीच सांगून ठेवा. ओहोटीच्या वेळेआधी तासभर खडकांवर पोचा आणि पाणी फिरलं की सगळ्यांना बाहेर काढा.